बाटलीवरचे नाव आणि दुधातले औषध

एन्रोफ्लॉक्सॅसिन हे प्रतिजैविक फक्त जनावरांसाठी बनवतात. माणसांना ते दिले जात नाही आणि डॉक्टरांच्या चिठ्ठीवरही ते कधी दिसत नाही. तरीही हे इंजेक्शन टोचलेल्या गाईचे दूध काही तासांनी तपासले, तर त्यात मुख्यतः जे प्रतिजैविक सापडते ते एन्रोफ्लॉक्सॅसिन नसते. ते असते सिप्रोफ्लॉक्सॅसिन, म्हणजे जुलाबापासून मूत्रमार्गाच्या संसर्गापर्यंत अनेक दुखण्यांत माणसांना दिले जाणारे, घरोघरी ‘सिप्रो’ म्हणून माहीत असलेले औषध. ते गाईला कोणी दिलेले नसते, तिच्या यकृताने ते बनवलेले असते. एन्रोफ्लॉक्सॅसिनच्या रेणूला जोडलेला एक छोटा इथाइल गट यकृतातली विकरे कापून टाकतात आणि जनावरांचे औषध माणसांचे औषध होऊन बाहेर पडते. त्याची जंतू मारण्याची ताकद मूळ औषधाइतकीच, काही जंतूंच्या बाबतीत अधिकच असते. बाटलीवर एक नाव आणि दुधात दुसरे, ही काही अपवादात्मक गंमत नाही. अन्नातल्या प्रतिजैविकांच्या अवशेषांचा सगळा प्रश्न याच फरकाभोवती फिरतो.

प्रतिजैविकांच्या अवशेषांविषयी बोलताना आपल्या मनात बहुधा पाणी आणि मिठाचे चित्र असते. औषध आत गेले, रक्तात विरघळले, हळूहळू लघवीवाटे निघून गेले, आणि उरले ते ‘अवशेष’. शरीर मात्र नळी नव्हे. ते औषध तोडते, त्याला साखरेचे किंवा आम्लाचे शेपूट जोडते, कधी आपल्याच प्रथिनांना चिकटवून ठेवते. या उलाढालीतून निघणाऱ्या पदार्थांना मेटाबोलाइट म्हणतात. त्यांतले काही निष्प्रभ असतात आणि काही मूळ औषधासारखेच काम करतात. काही प्रथिनांना चिकटून आठवडेच्या आठवडे मुक्काम ठोकतात, तर काही परत मूळ रूपात येतात. म्हणून ‘या मांसात अमुक औषधाचे अवशेष किती?’ असे विचारण्याआधी ‘या औषधाचा अवशेष म्हणजे नेमका कोणता पदार्थ?’ असे विचारायला हवे. अवशेष ही मांसात आयती पडलेली वस्तू नसून विचारपूर्वक करायची व्याख्या आहे. व्याख्या चुकली, तर त्यापुढची महागडी यंत्रे, कडक मर्यादा आणि कोरे करकरीत अहवाल चुकीच्या पदार्थाचा हिशेब ठेवत राहतात.

नियमांच्या इतिहासात ही गोष्ट हळूहळू मान्य होत गेल्याचे दिसते. युरोपीय संघाच्या २०१० सालच्या ३७ क्रमांकाच्या नियमावलीत प्रत्येक औषधापुढे एक रकाना आहे: मोजायचा पदार्थ कोणता. एन्रोफ्लॉक्सॅसिनपुढे तिथे ‘एन्रोफ्लॉक्सॅसिन आणि सिप्रोफ्लॉक्सॅसिन यांची बेरीज’ असे लिहिले आहे, आणि गाईच्या दुधात ही बेरीज किलोला १०० मायक्रोग्रॅमच्या वर जाता कामा नये. अमेरिकेने गोमांसासाठी वेगळी वाट धरली. तिथे यकृतातला डेसइथिलीन सिप्रोफ्लॉक्सॅसिन हा त्याच्याही पुढच्या पायरीवरचा पदार्थ खुणेचा म्हणून मोजतात. डुकरासाठी मात्र तोच देश मूळ एन्रोफ्लॉक्सॅसिनच मोजतो. एकाच औषधासाठी तीन व्याख्या असणे हा गोंधळ वाटेल, पण त्यामागे कारण आहे. गाय, म्हैस, शेळी, मेंढी यांच्या शरीरात सिप्रोफ्लॉक्सॅसिन भरपूर तयार होते, डुकरात फारच थोडे. जनावर बदलले की उरणारा पदार्थ बदलतो आणि त्याबरोबर व्याख्याही बदलावी लागते. औषध एकच असले तरी त्याचा अवशेष सगळ्या जनावरांत एकच असेल, असे गृहीत धरण्याला काही आधार नाही.

सेफ्टिओफर या सेफॅलोस्पोरिन गटातल्या औषधाने हाच मुद्दा दुसऱ्या बाजूने दाखवला. ते टोचल्यावर काही तासांतच त्याचे रूपांतर डेसफ्युरॉइलसेफ्टिओफरमध्ये होते. जंतूंना मारणारा बीटा-लॅक्टम सांगाडा यात शाबूत राहतो, पण रेणूला आता एक मोकळे गंधकाचे टोक आलेले असते आणि त्या टोकाने तो रक्तातल्या व पेशींतल्या प्रथिनांना घट्ट धरतो. प्रयोगशाळेत फक्त सेफ्टिओफर शोधले, तर नमुना जवळजवळ स्वच्छ दिसेल. म्हणून आधी एका रसायनाने ते गंधकाचे बंध तोडतात, सुटलेला पदार्थ स्थिर रूपात अडकवतात आणि मग मोजतात. युरोपीय नियमात तर बीटा-लॅक्टम सांगाडा राखलेले सगळेच अवशेष धरले जातात. इतके सगळे मोजूनही दुधात भरणारा आकडा मर्यादेच्या आत राहतो, आणि म्हणूनच या औषधाच्या इंजेक्शननंतर दूध टाकून देण्याची अट अनेक देशांत नाही. मेटाबोलाइट मोजायचे म्हणजे शेतकऱ्याच्या गळ्याला फास लावायचा, असे मानणाऱ्यांनी हे उदाहरण ध्यानात ठेवावे. नीट मोजल्यावर बंधने कधी वाढतात, कधी कमीही होतात. मात्र हे दूध विकायला हरकत नाही असे ठामपणे म्हणता येते, ते सगळे मोजले आहे म्हणूनच.

सगळ्यांत बोलके उदाहरण नायट्रोफ्युरान गटाचे आहे. फ्युराझोलिडोन, फ्युरालटाडोन, नायट्रोफ्युरँटॉइन आणि नायट्रोफ्युराझोन ही स्वस्त औषधे एके काळी कोंबड्या, डुकरे आणि कोळंबी यांना सर्रास दिली जात. कर्करोगाच्या शक्यतेमुळे युरोपने १९९०च्या दशकाच्या मध्यापर्यंत ती अन्न देणाऱ्या जनावरांसाठी बंद केली. बंदी आली, पण ती राबवायची कशी? मूळ औषध शरीरातून काही तासांत नाहीसे होते, त्यामुळे मांस तपासले तर हाती काहीच लागत नाही. जाता जाता ते आपल्या रेणूचे एक टोक मात्र प्रथिनांना जोडून ठेवते आणि ते आठवडेच्या आठवडे तिथे राहते. फ्युराझोलिडोनच्या या टोकाला एओझेड असे आखूड नाव आहे. ते शोधण्याची पद्धत चिकाटीची आहे. मांस बारीक वाटून सौम्य हायड्रोक्लोरिक आम्लात घालतात, म्हणजे प्रथिनांना चिकटलेले टोक सुटते. त्याला पकडायला नायट्रोबेन्झाल्डिहाइड टाकतात आणि नळ्या ३७ अंश तापमानावर रात्रभर ठेवतात. सकाळी आम्लता उतरवून, विद्रावकात ओढून घेऊन तो पदार्थ मास स्पेक्ट्रोमीटरवर मोजतात. ही पद्धत हाती आली तेव्हा, २००२-०३च्या सुमारास, आशियातून युरोपात जाणाऱ्या कोंबडीच्या मांसात आणि कोळंबीत बंदी घातलेल्या औषधाच्या खुणा दिसू लागल्या. बंदी कित्येक वर्षे जुनी होती, ती मोडली जात असल्याचे मात्र मेटाबोलाइटने दाखवून दिले.

भारताशी हा विषय थेट जोडलेला आहे. युरोपीय संघाने २०१६ मध्ये भारतातून येणाऱ्या शेतीतल्या कोळंबीसारख्या मालाच्या तपासणीचे प्रमाण वाढवून निम्म्या खेपांवर नेले, आणि त्यामागे प्रतिजैविकांच्या अवशेषांची चिंता होती. २०२५ मध्ये केंद्र सरकारने अन्न देणाऱ्या जनावरांसाठी क्लोरॅम्फेनिकॉल आणि नायट्रोफ्युरान असलेल्या औषधांवर बंदी आणली. त्याच वर्षाच्या अखेरीस अंड्यांतल्या नायट्रोफ्युरानची चर्चा देशभर झाली. तेव्हा भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने स्पष्ट केले की हा वापर निषिद्धच आहे, आणि नियमातली किलोला १ मायक्रोग्रॅमची मर्यादा मेटाबोलाइटसाठी असून ती अंमलबजावणीपुरती आहे. हा फरक चर्चेत बराचसा हरवला. काहींनी ती मर्यादा म्हणजे एवढे औषध घालायची परवानगी समजली, तर काहींनी खूण सापडली म्हणजे अंडे विषारी ठरले असे मानले. खरे पाहता तो आकडा आपण काय मोजतो आहोत आणि कितीपर्यंत खात्रीने मोजू शकतो, याविषयी आहे. औषध कायद्याने बंद असले, तरी त्याचा शोध त्याच्या मागे राहिलेल्या टोकावरूनच घ्यावा लागतो.

खुणेवर भिस्त ठेवण्यात धोकाही आहे आणि तो लपवून चालणार नाही. नायट्रोफ्युराझोनचे मागे राहणारे टोक म्हणजे सेमीकार्बाझाइड. हा पदार्थ इतर वाटांनीही अन्नात येतो. काचेच्या बरणीच्या झाकणाला आतून लावलेल्या फुगीर प्लास्टिकच्या कडेतून, म्हणजे ती फुगवण्यासाठी वापरलेल्या अझोडायकार्बोनामाइडमधून तो उतरतो. काही कोळंब्यांच्या कवचात तो निसर्गतः असतो. कवचासकट वाटलेला नमुना घेतला, तर ज्याने कधी ते औषध वापरले नाही अशा माणसाच्या मालावरही ठपका येईल. म्हणून आता मांसाचा आतला भाग घेऊनच तपासणी करावी, असा आग्रह धरला जातो. यावरून मेटाबोलाइट मोजणेच चूक, असा निष्कर्ष काढणे मात्र घाईचे होईल. इथे चूक झाली ती एक खूण कुठून कुठून येऊ शकते हे न पाहता एकाच उगमावर बोट ठेवल्यामुळे. व्याख्या नीट हवी, हा मुद्दा त्यातून खोटा ठरत नाही. उलट तो आणखी पक्का होतो.

‘निष्प्रभ’ या शब्दाकडेही जरा संशयाने पाहायला हवे. सल्फा औषधांना शरीर एक अॅसिटाइल गट जोडते आणि त्यांची जंतूमारक शक्ती जाते. पण हा जोड कायमचा नसतो. शरीरातलीच काही विकरे तो सोडवतात आणि औषध पुन्हा जिवंत होते. शेणखताच्या खड्ड्यातले जंतूही तेच काम करतात. निष्प्रभ म्हणून बाहेर टाकलेला सल्फामेथाझिनचा जोडपदार्थ तिथे परत सल्फामेथाझिन होतो आणि खताबरोबर शेतात जातो. क्लोरॅम्फेनिकॉलची गतही तशीच. यकृत त्याला ग्लुकुरोनिक आम्ल जोडून पाण्यात विरघळणारे आणि निरुपद्रवी करते, पण आतड्यातल्या जंतूंकडे तो जोड तोडणारे विकर असते. म्हणूनच लघवी किंवा मूत्रपिंड तपासताना प्रयोगशाळा आधी विकर घालून जोड तोडते आणि मग मोजते. क्लोरॅम्फेनिकॉलमुळे क्वचित होणाऱ्या अस्थिमज्जेच्या जीवघेण्या आजारासाठी किती मात्रा सुरक्षित हे सांगता येत नाही, म्हणून त्याची मर्यादा ठरवलेलीच नाही. अशा औषधाचा निम्मा भाग वेश पालटून तपासणीतून सुटला, तर ‘आढळले नाही’ या अहवालाला फारसा अर्थ उरत नाही.

यावर एक वजनदार आक्षेप असा, की बहुतेक मेटाबोलाइट मूळ औषधापेक्षा दुबळे असतात, मग एवढा खटाटोप कशाला? आक्षेपात तथ्य आहे. फ्लोरफेनिकॉल शरीरात फ्लोरफेनिकॉल अमाइन होते तेव्हा त्याची जंतूमारक शक्ती जवळपास संपते. तरी नियम तोच पदार्थ मोजायला सांगतो, कारण सगळे अवशेष प्रयोगशाळेत त्या एका रूपात आणता येतात आणि एकूण किती औषध उरले याचा अंदाज त्यावरून येतो. खुणेचा पदार्थ आणि धोक्याचा पदार्थ एकच असलाच पाहिजे असे नाही, हे इथे मान्य करायला हवे. पण दुबळा म्हणजे जंतूंपुढे दुबळा. माणसाच्या दृष्टीने धोका फक्त जंतूमारक शक्तीत नसतो. पेनिसिलिनचा सांगाडा मोडला की ते जंतूंवर चालत नाही, तरी मोडलेला रेणू प्रथिनांना चिकटून अॅलर्जीला तोंड फोडणारे तेच रूप धारण करू शकतो. एओझेडही प्रतिजैविक म्हणून कुचकामी आहे, त्याची काळजी आहे ती जनुकांना इजा होण्याच्या शक्यतेमुळे. त्यामुळे व्याख्या करताना पहिला प्रश्न धोका कोणता हा, आणि दुसरा त्या धोक्याला कारण होणारा किंवा त्याचा माग देणारा पदार्थ कोणता हा.

दुसरा आक्षेप मात्रेचा आणि चुलीचा. मायक्रोग्रॅम म्हणजे ग्रॅमचा दहा लाखावा भाग, एवढ्याने काय होणार, आणि झालेच तर उकळले की जाते! मात्रा खरोखर लहान असते आणि मर्यादा पाळलेल्या एका पेल्याने कोणी आजारी पडत नाही, हे स्पष्ट म्हणायला हवे. पण मर्यादेचा हा दिलासा ती योग्य पदार्थावर लावली असेल तरच खरा. अर्धीच बेरीज मोजून ‘मर्यादेत’ म्हटले, तर सुरक्षिततेसाठी ठेवलेला वाव आपण नकळत खाऊन टाकतो. चुलीचे म्हणाल तर सरसकट उत्तर नाही. काही बीटा-लॅक्टम उष्णतेने बऱ्यापैकी मोडतात. एन्रोफ्लॉक्सॅसिन आणि सिप्रोफ्लॉक्सॅसिन हे दोघेही उष्णतेला दाद देत नाहीत, शिजताना मांसातून थोडे रश्श्यात उतरतात इतकेच. प्रथिनांना चिकटलेली नायट्रोफ्युरानची टोके तळून-भाजूनही बहुतांशी टिकतात. शिवाय प्रश्न एका ताटाचा नाही. अमेरिकेने कोंबड्यांसाठी एन्रोफ्लॉक्सॅसिनची परवानगी सप्टेंबर २००५ मध्ये काढून घेतली ती मुख्यतः अवशेषांमुळे नव्हे. त्या वापरातून माणसांना जुलाब देणारे कॅम्पिलोबॅक्टर जंतू एन्रोफ्लॉक्सॅसिन-सिप्रोफ्लॉक्सॅसिनच्या गटाला दाद देईनासे होत होते, हे कारण होते. पण ज्या औषधाचा मेटाबोलाइट माणसांचेच औषध आहे, त्याला ‘हे तर जनावरांचे’ म्हणून वेगळ्या खणात ठेवता येत नाही, हे त्या निर्णयाने दाखवले.

तिसरा आक्षेप व्यवहाराचा, आणि आपल्याकडे तोच सर्वांत जड. मास स्पेक्ट्रोमीटर गावोगावी बसवता येणार नाहीत, दूध संघांकडे स्वस्त चाचणी आहे, ती पुरे. ती चाचणी खरोखर छान आहे. कुपीत जांभळ्या रंगाचे माध्यम आणि उष्णताप्रिय जंतूचे बीजाणू असतात. त्यावर दुधाचे थेंब टाकून ती सुमारे ६४ अंशांवर तीनेक तास ठेवायची. दूध स्वच्छ असेल तर जंतू वाढतात, आम्ल तयार होते आणि रंग पिवळा पडतो. प्रतिजैविक असेल तर कुपी जांभळीच राहते. या जंतूला रेणूचे नाव कळत नाही, त्यामुळे मूळ औषध असो की क्रियाशील मेटाबोलाइट, दोघांनाही तो सारखाच बळी पडतो. मेटाबोलाइट पकडण्याच्या दृष्टीने हा मोठाच गुण आहे. पण हा जंतू पेनिसिलिनला हळवा आणि सिप्रोफ्लॉक्सॅसिनच्या गटाला निबर आहे. या गटाचे अवशेष मर्यादेच्या कितीतरी वर गेले तरी कुपी पिवळी पडू शकते. निष्प्रभ पण अॅलर्जीकारक तुकडे तर तिला दिसणारच नाहीत. म्हणून ही चाचणी फेकून द्यायची नाही. तिला काय दिसते आणि काय दिसत नाही हे माहीत ठेवून, उरलेल्या गटांसाठी दुसऱ्या पट्ट्या जोडायच्या आणि संशयित नमुनेच मोठ्या प्रयोगशाळेत पाठवायचे.

खरे तर बराचसा भार चाचणीपेक्षा औषध दिल्यानंतर दूध, अंडी, मांस न विकण्याच्या मुदतीवर पडायला हवा. भारतात २०१२च्या नियमदुरुस्तीने ही मुदत औषधाच्या लेबलवर छापणे बंधनकारक केले. त्या विशिष्ट जनावरासाठी मुदत ठरलेली नसेल, तर दूध व अंड्यांना किमान ७ दिवस, कोंबडी व सस्तन जनावरांच्या मांसाला २८ दिवस आणि माशांना ५०० अंश-दिवस. म्हणजे तळ्याचे पाणी २५ अंशांचे असेल तर २० दिवस. माशाचे शरीर पाण्याच्या तापमानाप्रमाणे औषध संपवते, हे त्या हिशेबात धरलेले आहे आणि ते शहाणपणाचे आहे. पण सरधोपट ७ दिवस हे मेटाबोलाइटच्या चालीवर बेतलेले नाहीत. समजा मूळ औषध दर ४ तासांनी निम्मे होते आणि त्याचा क्रियाशील मेटाबोलाइट दर २४ तासांनी. दोन दिवसांत मूळ औषध चार हजारांत एक भाग उरेल, मेटाबोलाइट मात्र अजून चतुर्थांश शिल्लक असेल. मुदत पहिल्याकडे पाहून ठरवली तर ती दुसऱ्याला पुरणार नाही. देशाच्या दुधात मोठा वाटा म्हशीचा असताना गाईवरून काढलेली मुदत म्हशीला जशीच्या तशी लागू पडेल, असे धरून चालणेही त्याच जातीची चूक आहे.

छोट्या शेतकऱ्यावर याचा बोजा पडेल, ही भीती खोटी नाही. दगडी झालेल्या गाईचे आठवड्याचे दूध ओतून देणे दोन-तीन जनावरांच्या गोठ्याला परवडत नाही. पण ज्याच्याकडून आपण ही किंमत मागतो, त्याला निदान खरा आकडा तरी द्यायला हवा. अन्न सुरक्षा प्राधिकरणाने २०१८ मध्ये केलेल्या दूध सर्वेक्षणात ६,४३२ नमुन्यांपैकी ७७ नमुन्यांत प्रतिजैविके मर्यादेपेक्षा जास्त निघाली. प्रमाण दीड टक्क्याच्या आत आहे, म्हणजे घबराट माजवण्यासारखे काही नाही. पण असा आकडा वाचताना त्यामागे कोणते रेणू मोजले, मूळ की बेरीज, हे सांगितले जाईल तेव्हाच पुढच्या सर्वेक्षणाशी त्याची तुलना करता येईल. संकलन केंद्रावर दूध घातले की शेतकऱ्याच्या हातात चिठ्ठी पडते, तिच्यावर फॅट आणि एसएनएफ असते आणि त्यावर भाव ठरतो. औषधाचे नाव त्या चिठ्ठीवर येणार नाही, यायची गरजही नाही. ते यायला हवे बाटलीच्या लेबलवर आणि प्रयोगशाळेच्या अहवालात, आणि दोन्हीकडे एकाच अर्थाने: या जनावरात हे औषध काय होते, त्यातले काय मोजले, आणि ते संपायला म्हशीला किती दिवस लागतात. या तीन ओळी भरायला संशोधन लागेल, पैसा लागेल. त्या कोऱ्या ठेवून मर्यादा कितीही खाली आणल्या, तरी सिप्रोफ्लॉक्सॅसिन एन्रोफ्लॉक्सॅसिनच्या नावाखाली निसटत राहील.